गोविंद निहलानींना, कॅमेऱ्यामागच्या मंडळींकडून

प्रिय गोविंदजी,

स. न. वि. वि.

'जुनून'च्या छायालेखनाचं राष्ट्रीय पारितोषिक, 'आक्रोश'चा सुवर्णमयूर, २००२ची पद्मश्री, हे सगळ्यांना पाठ आहे. कॅमेऱ्यावर पोट असलेल्या आम्हा मंडळींवरचं तुमचं ऋण मात्र वेगळ्या जातीचं आहे. ते गोधड्यांपासून सुरू होतं.

'मंथन'च्या (१९७६) वेळी ध्वनिमुद्रणात शिरणारी कॅमेऱ्याची घरघर दाबायला तुम्ही त्याला गोधड्या गुंडाळल्या होत्यात. ऐकायला गंमत वाटते. करून पाहिलं की कळतं, बाजूंचा आवाज दबतो, पण लेन्सच्या तोंडातून तो थेट नटाकडे जातो, आणि तोंड काही झाकता येत नाही. मग कॅमेरा मागे न्यायचा, लांब लेन्स लावायची, की फोकस ओढणाऱ्याचा जीव टांगणीला. टेक संपल्यावर गोधडी काढायला विसरलात तर मोटर तापते ते वेगळंच.

त्यात निगेटिव्हही मिळेल ती, ईस्टमन काय नि गेवाकलर काय. लॅबमध्ये लाल-हिरव्या-निळ्याचे प्रिंटर लाइट (निगेटिव्हवरून प्रिंट काढतानाचे उजेड) १ ते ५० या पट्टीवर खालीवर करून चेहरा जुळवता येतो. पण चेहरा जुळला की सावली निळसर पडते, नाहीतर आभाळ पिवळं. कारण दोन कंपन्यांच्या निगेटिव्हमधले रंगांचे थर उजेडाला सारखा प्रतिसाद देत नाहीत, आणि प्रिंटर लाइट तर अख्खं चित्र एकदम सरकवतो. याचं औषध लॅबमध्ये नाही, शूटिंगमध्येच आहे: एका प्रसंगात दोन निगेटिव्ह मिसळायच्या नाहीत आणि फिल्मच्या दर डब्याच्या सुरुवातीला ग्रे कार्ड (रंग जुळवायला धरतात तो करडा पुठ्ठा) टिपायचं. 'भूमिका'त (१९७७) काळ मागे जातो तसा चित्राचा पोत बदलतो, रंग जाऊन कृष्णधवल येतं. निगेटिव्ह हीसुद्धा गोष्ट सांगते, हे आम्ही तिथे पाहिलं.

मग १९८०चा 'आक्रोश'. पटकथा तेंडुलकरांची, दिग्दर्शनातलं तुमचं पदार्पण, आणि कॅमेरा दुसऱ्या कुणाला दिला नाहीत. त्यातला लहान्या भिकू जवळजवळ शेवटपर्यंत गप्प. म्हणजे सगळा भार ओम पुरींच्या चेहऱ्यावर, आणि सावळ्या चेहऱ्याशी उजेड मोजणारा मीटर नेहमी खोटं बोलतो. तो सगळं अठरा टक्के करड्याच्या मापात मोजतो. त्याचं ऐकून लेन्स उघडली तर चेहरा राखाडी आणि मागची चुन्याची भिंत जळालेली. मीटरपेक्षा स्टॉप-दीड स्टॉप खालीच राहायचं (एक स्टॉप खाली म्हणजे उजेड निम्मा). बाजूने मोठा थर्माकोल धरून गालाच्या हाडावर चकाकी आणायची आणि लेन्सलगत एक बारीक दिवा ठेवायचा, निव्वळ बुबुळांसाठी. हे गणित आम्ही त्या क्लोजअप्सवरून पक्कं केलं.

दिग्दर्शन आणि कॅमेरा, दोन्ही कामं एकाच माणसाने करावीत का, यावर आमच्यात अजून वाद होतात. आरशाच्या शटरचा कॅमेरा असेल तर आयपीसमधून दिसतं ते नेमकं फिल्मवर न उमटलेलं. फिल्मवर उजेड पडत असतो तेव्हा डोळ्याला अंधार. सेकंदाला चोवीस फ्रेमच्या गतीला, १८० अंशांच्या (म्हणजे अर्धा वेळ उघड्या) शटरला, प्रत्येक फ्रेमचा १/४८ सेकंद आपल्याला दिसतच नाही. वर फिल्मचं ४०० फुटांचं मॅगझिन साडेचार मिनिटांच्या आतच संपतं. अशात नट बघायचा की कडेला सरकलेली सावली? कॅमेरामन-दिग्दर्शक हमखास सावली बघतो. उत्तम टेक एका रेषेसाठी फेकतो. 'अर्धसत्य'मध्ये (१९८३) तुम्ही असं केल्याचं पडद्यावर तरी कुठे दिसत नाही. (जमलं कसं, हे एकदा लिहाच.)

'तमस'ला (१९८८) छायालेखक म्हणून तुमच्या नावाबरोबर व्ही. के. मूर्तींचं नाव आहे. ज्यांचे सहायक म्हणून तुम्ही उमेदवारी केली, त्यांनाच आपल्या मालिकेसाठी बोलावणं आमच्या धंद्यात फार कमी जणांना सुचतं.

आणि 'ती आणि इतर'. हा चित्रपट तुम्ही मराठीत केलात म्हणून तर आभार आहेतच, पण त्याहून जास्त त्यातल्या शेजारून येणाऱ्या किंकाळीसाठी, जिच्या दिशेला कॅमेरा वळवायचा मोह आमच्यापैकी एकालाही आवरला नसता.

आपली,
कॅमेऱ्यामागची मंडळी