‘बॉयलरचा स्फोट’ आणि केसपेपरवरचा रिकामा रकाना

महोदय,

कारखान्यात मोठा आवाज झाला, पत्रे उडाले आणि माणसे भाजली, की दुसऱ्या दिवशीच्या बातमीत ‘बॉयलरचा स्फोट’ हे शब्द ठरलेले असतात. २३ मे २०२४ रोजी डोंबिवली एमआयडीसीत झालेल्या स्फोटाच्या पहिल्या बातम्याही अशाच होत्या. तो रासायनिक कंपनीतील रिॲक्टरचा, म्हणजे रसायनांची प्रक्रिया घडवणाऱ्या बंद पात्राचा, स्फोट होता, हे नंतर पुढे आले. तोवर पहिला शब्द सर्वांच्या तोंडी बसला होता. या सैल शब्दाचे पडसाद रुग्णालयांच्या दप्तरात कसे उमटतात, हे वैद्यकीय अभिलेख विभागात नोकरीची बहुतेक वर्षे घालवलेला माणूस म्हणून सांगावेसे वाटते.

जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीत, म्हणजे ‘आयसीडी-१०’मध्ये, दुखापतीला दोन प्रकारचे संकेतांक द्यावे लागतात. शरीराला काय झाले, हे एस आणि टी या अक्षरांनी सुरू होणारे संकेतांक सांगतात: कानाचा पडदा फाटला तर एस ०९.२, श्वसनमार्ग भाजला तर टी २७, शरीराचा चाळीस ते एकोणपन्नास टक्के भाग भाजला असेल तर टी ३१.४. ते कशामुळे झाले, हे मात्र बाह्य कारणांच्या वेगळ्या प्रकरणात शोधावे लागते. तेथे बॉयलर फुटल्यास डब्ल्यू ३५, गॅस सिलिंडर फुटल्यास डब्ल्यू ३६, दाबाखालचा टायर, पाइप किंवा होज फुटल्यास डब्ल्यू ३७ आणि दाबाखालची अन्य उपकरणे फुटल्यास डब्ल्यू ३८ असे शेजारी शेजारी घर केलेले संकेतांक आहेत. स्फोट न होता केवळ वाफेचा झोत अंगावर आला, तर एक्स १३. केसपेपरवर नुसते ‘कारखान्यातील स्फोट’ असे लिहिले असेल, तर संकेतांक डब्ल्यू ४० वर जातो, ज्यात सुरुंगाची दारू, धान्याचे कोठार आणि दारूगोळा हे सारे एकाच गाठोड्यात आहे.

आमच्याकडे येणाऱ्या केसपेपरवर बहुधा तेवढेही नसे. ‘४५ टक्के भाजला, एमएलसी’ (म्हणजे पोलिसांना कळवण्याजोगे वैद्यकीय-कायदेशीर प्रकरण) एवढ्यावर इतिहास संपलेला. मग संकेतांक देणारा काय करणार? तो एक्स १९, म्हणजे ‘इतर व अनिर्दिष्ट उष्ण पदार्थ’, असे लिहून मोकळा होतो. किंवा सकाळच्या वर्तमानपत्रात वाचलेले आठवून डब्ल्यू ३५ ठोकून देतो. पहिल्यात माहिती हरवते, दुसऱ्यात ती चुकीची नोंदली जाते. मला दुसरे अधिक घातक वाटते, कारण चुकीचा आकडा आकडा म्हणूनच पुढे जातो आणि त्याच्याकडे कोणी संशयाने पाहत नाही.

हा भेद केवळ कारकुनी नाही. बंद बॉयलरमधील पाणी दाबामुळे शंभर अंशांपेक्षा बरेच अधिक तापलेले असते आणि कवच फाटताच त्यातील काही भागाची क्षणात वाफ होऊन ती शेकडो पटींनी फुगते. कोरडी गरम हवा बहुधा स्वरयंत्रापर्यंतच इजा करते. वाफ मात्र त्याखालच्या श्वासनलिकांपर्यंत पोहोचू शकते, म्हणून बाहेरून फारसा भाजलेला न दिसणारा रुग्णही काही तासांत गुदमरू शकतो. रायबरेली जिल्ह्यातील उंचाहार वीज प्रकल्पात १ नोव्हेंबर २०१७ रोजी चाळीसहून अधिक माणसे दगावली, तेथे बॉयलरच्या भट्टीतून बाहेर पडलेल्या तप्त वायूंनी आणि राखेने घात केला. रिॲक्टरच्या स्फोटात याशिवाय रसायनांची बाधा असते. उपचार वेगळे, प्रतिबंध वेगळा, आणि तपासणी करणारे खातेही वेगळे: बॉयलरसाठी बाष्पके संचालनालय, रिॲक्टरसाठी औद्योगिक सुरक्षा व आरोग्य संचालनालय.

या बाबतीत कायदा रुग्णालयांपेक्षा चोख होता. १९२३च्या बॉयलर कायद्याने (त्याची जागा आता २०२५च्या कायद्याने घेतली आहे) मालकावर चोवीस तासांत लेखी अहवाल देण्याचे बंधन घातले आणि त्यात बॉयलरला तसेच माणसाला झालेल्या इजेचे वर्णन मागितले. परंतु तो अहवाल निरीक्षकाच्या फायलीत राहतो आणि जखमीचा केसपेपर आमच्या कपाटात. दोघांची कधी गाठ पडल्याचे मी पाहिलेले नाही. एक विसंगती राहवत नाही म्हणून नोंदवतो. अमेरिकी रुग्णालयांसाठी भारतात बसून संकेतांक देणारी आपली तरुण मुले डब्ल्यू ३५ला तेथील विस्तारित आवृत्तीप्रमाणे सातवे अक्षर जोडून पहिला उपचार, पुढचा उपचार आणि मागे राहिलेले व्यंग यांतला फरकही नोंदवतात. आपल्या साखर कारखान्याच्या बॉयलर अटेंडंटच्या वाट्याला मात्र पहिली तीन अक्षरेही येत नाहीत.

सर्वांत मोठी गळती मृत्यूच्या दाखल्यात होते. भाजलेला कामगार बहुधा त्याच दिवशी जात नाही. दहाव्या-बाराव्या दिवशी जंतुसंसर्गाने जातो आणि दाखल्यावर तेवढाच ‘सेप्टिसीमिया’ उरतो. खरे तर दुखापतीने झालेल्या मृत्यूचे मूळ कारण म्हणून बाह्य कारणच मोजावे, असा वर्गीकरणाचा नियम आहे आणि आपल्याकडील नमुना ४ मध्ये, म्हणजे मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय दाखल्यात, ‘दुखापत कशी झाली’ असा स्वतंत्र प्रश्नही छापलेला आहे. अपघात विभागातील निवासी डॉक्टरांवर कामाचा किती ताण असतो, हे मला ठाऊक आहे, तरीही कोणते उपकरण, ते फुटले की गळले, आणि रुग्ण तेव्हा कामावर होता का, एवढे एका ओळीत लिहायला अर्धे मिनिटही लागत नाही. सोबत आलेल्या सहकाऱ्याला विचारावे. पंप कोणता आणि रिॲक्टर कोणता, हे त्याला नेमके माहीत असते.

आपल्या वार्ताहरांनाही एक विनंती आहे. बाष्पके संचालनालयाकडून खातरजमा होईपर्यंत ‘कारखान्यात स्फोट’ एवढेच छापावे, आणि उपकरण दुसरेच निघाले तर ती दुरुस्ती मूळ बातमीच्याच पानावर यावी.

आपला,
एक निवृत्त वैद्यकीय अभिलेख अधिकारी, ठाणे जिल्हा