पाणबुड्यांची क्रमवारी लांबीवर कशाला लावता?

मा. संपादक,
स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीत पाणबुड्यांवर पानभर लेख आला, आवडीने वाचला, विषय घेतलात त्याबद्दल थँक्यू. पण खाली तो जो तक्ता दिलाय ना, "जगातल्या सर्वात घातक पाणबुड्या", त्यावर लिहिल्याशिवाय राहवत नाही. लांबी, वजन, किती क्षेपणास्त्रं, एवढ्यावर नंबर लावलेत आणि पहिला नंबर दिलाय रशियाच्या टायफूनला. १७५ मीटर लांब, पाण्याखाली ४८ हजार टन, हे सगळं खरं, पण या क्लासच्या सहा पाणबुड्यांपैकी एकीनेही लढाईत एक टॉर्पेडो (पाण्याखालून स्वतःच धावत जाऊन फुटणारं अस्त्र) मारलेला नाही. आणि तो त्यांचा दोष नाही, त्यांचं कामच ते होतं, बर्फाखाली गुपचूप जाऊन बसायचं आणि कुणाला सापडायचं नाही. म्हणजे जिचं काम कधीच न लढणं ती घातक नंबर एक, आणि जिने युद्धात हजारो टन जहाजं बुडवली ती तुमच्या तक्त्यात नावालाही नाही. हे काय गणित आहे?

पाणबुडीचा क्लास म्हणजे एका आराखड्यावर बांधलेल्या बहिणी बहिणी, आणि तो आराखडा कुठल्यातरी कामासाठी काढलेला असतो. ते काम काय होतं आणि युद्ध लागल्यावर प्रत्यक्षात काय करावं लागलं, हे सांगितल्याशिवाय लांबी-रुंदीला काही अर्थ नाही.

आता मोठ्या पाणबुड्यांचंच बघा. पहिल्या महायुद्धात ब्रिटिशांनी के-क्लास काढला. कल्पना अशी की पाणबुडीने युद्धनौकांच्या ताफ्याबरोबर धावायचं, म्हणून २४ नॉटचा (तासाला २४ सागरी मैल) वेग पाहिजे, तेव्हाच्या डिझेलला ते जमेना, मग बसवा वाफेची इंजिनं! हो, वाफेची, वर धुराडी सकट, बुडी मारायच्या आधी धुराडी आडवी करून भोकं बंद करायची, त्यात कितीतरी मिनिटं जायची. ३१ जानेवारी १९१८ च्या रात्री स्कॉटलंडच्या किनाऱ्याजवळ ताफ्याबरोबर जाताना या पाणबुड्या एकमेकींवर आणि मोठ्या जहाजांवर आपटल्या, दोन बुडाल्या, शंभरावर माणसं गेली, आणि शत्रू तिथे औषधालाही नव्हता. फ्रेंचांची सुरकूफ घ्या, क्रूझरवर असतात तसल्या ८ इंची दोन तोफा आणि वर एक छोटं विमान. फोटोत काय रुबाबदार दिसते! १९४२ च्या फेब्रुवारीत कॅरिबियनमध्ये १३० माणसांसकट नाहीशी झाली, बहुधा एका मालवाहू जहाजाशी टक्कर होऊन. जपानची आय-४०० तर १२२ मीटर, पोटात तीन बॉम्बर विमानं, पनामा कालवा उडवायचा बेत होता. बांधून होईपर्यंत बेत बदलला, मग पॅसिफिकमधल्या उलिथी बेटांवरच्या अमेरिकन तळावर हल्ला करायला निघाल्या तर वाटेतच युद्ध संपलं. अमेरिकनांनी ताब्यात घेऊन तपासल्या आणि रशियनांना बघायला मिळू नयेत म्हणून १९४६ मध्ये बुडवून टाकल्या. संपली कहाणी.

याच्या उलट ब्रिटिशांचा यू-क्लास. जेमतेम ५८ मीटर, पाण्यावर ११ नॉटच्या आसपास वेग, आणि मुळात काढला होता सरावासाठी, म्हणजे आपल्याच विनाशिकांना (पाणबुड्यांची शिकार करणाऱ्या चपळ युद्धनौकांना) पाणबुडी शोधायची प्रॅक्टिस मिळावी म्हणून. सुरुवातीच्या आराखड्यात तर टॉर्पेडोही नव्हते, ते नंतर घातले. पण भूमध्य समुद्राचं पाणी नितळ, वरून विमानाला मोठी पाणबुडी चटकन दिसते, तिथे हा बुटका क्लास पुरून उरला. माल्टाहून निघायचं आणि इटलीतून आफ्रिकेत जर्मन सेनापती रोमेलसाठी सैन्य, इंधन, दारूगोळा घेऊन जाणारी जहाजं गाठायची. वॉन्क्लिन नावाच्या कमांडरच्या अपहोल्डरने १८ सप्टेंबर १९४१ ला नेप्च्युनिया आणि ओशेनिया ही सैन्य नेणारी दोन मोठी जहाजं एकाच दिवशी बुडवली, प्रत्येकी १९ हजार टनाच्या वर. अपहोल्डर स्वतः पाण्यावर ५४० टनाची! १९४२ च्या एप्रिलमध्ये मायदेशी परतायच्या आधीच्या शेवटच्या गस्तीत ती गेली, परत आली नाही. तुमच्या तक्त्यात यू-क्लास घालायचा म्हटला तर तळाला सुद्धा जागा मिळायची नाही.

जर्मनांचंही तसंच. यू-बोट म्हटलं की सगळे एकच समजतात पण त्यांच्यात कामाची वाटणी होती. टाईप ७ ही रोजची कामकरी, ७०० च्या आसपास बांधल्या, टॉर्पेडो सोडायच्या पुढे चार नळ्या मागे एक, १४ टॉर्पेडो. अटलांटिकमध्ये मालवाहू जहाजांच्या काफिल्यांवर रात्री टोळीने तुटून पडायचं ते याच बोटींनी, आणि गंमत म्हणजे बहुतेक वेळा पाण्यावरूनच, कारण बॅटरीवर पाण्याखाली ४ नॉटनी ८० मैल गेलं की दम संपला. खरं सांगायचं तर ही वेळप्रसंगी बुडी मारणारी टॉर्पेडो बोट होती, आज आपण समजतो तशी पाणबुडी नव्हेच. टाईप ९ मोठी, लांब पल्ल्याची, २२ टॉर्पेडोंची, ती १९४२ च्या जानेवारीत थेट अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर पाठवली. सुरुवातीला फक्त पाच होत्या, पण किनाऱ्यावर दिवे चालू, जहाजं एकेकटी चाललेली, त्यामुळे हाहाकार माजला. आणि तिसरी, माझी आवडती, टाईप १४. तिला टॉर्पेडोच्या नळ्याच नाहीत! पोटात दुसऱ्या बोटींसाठी चारशेच्या वर टन डिझेल, सुटे टॉर्पेडो, खाणंपिणं, पाव भाजायची भट्टी सुद्धा. भर समुद्रात ठरल्या जागी गाठायचं, पाइप जोडायचा, तेल द्यायचं, की टाईप ७ पण अमेरिकेपर्यंत जाऊ शकायची. फक्त दहा बांधल्या. दोस्त राष्ट्रांनी जर्मन गुप्त संदेश फोडल्यावर पहिलं काय केलं असेल तर या दुधाळ गाई (जर्मन खलाशी त्यांना हेच म्हणायचे) शोधून शोधून मारल्या, दहाच्या दहा. कारण एक गेली की आठ-दहा बोटींचा पल्ला आखडतो. एकही जहाज न बुडवू शकणारी पाणबुडी शत्रूला एवढी खुपत होती, यावरून कळतं कोण घातक ते.

जर्मनांच्याच टाईप २१ चं कौतुक तुमच्या लेखात आहे, ठीक आहे, बॅटरी जबरदस्त मोठी, पाण्यावरच्यापेक्षा पाण्याखाली जास्त वेग, पुढच्या सगळ्या पाणबुड्यांनी तिची नक्कल केली. पण "युद्ध फिरवणारी" वगैरे लिहिलंय ते काढा, शंभराच्या वर दाखल झाल्या आणि युद्धगस्तीवर निघाल्या त्या १९४५ च्या अगदी शेवटच्या दिवसांत, एक-दोनच.

आता मुख्य मुद्दा, जो लेखात दोन ओळीत उरकलाय. पॅसिफिकमध्ये जपानला कुणी मारलं असं विचारलं तर सगळे विमानवाहू नौका सांगतात, नाहीतर अणुबॉम्ब. अमेरिकन नौदलात पाणबुडीवाले दोन टक्के सुद्धा नव्हते आणि जपानची जेवढी व्यापारी जहाजं बुडाली त्यातली निम्म्याहून जास्त यांनी बुडवली. हे काम केलं गाटो क्लासने आणि तिच्यामागून आलेल्या बालाओने. गाटो ९५ मीटर, पुढे सहा नळ्या मागे चार, २४ टॉर्पेडो, पल्ला ११ हजार मैल, आत एअर कंडिशनिंग. पण त्या २१ नॉट काढतात त्या का, तर त्यांनी स्वतःच्या युद्धनौकांच्या पुढे जाऊन टेहळणी करायची आणि शत्रूच्या युद्धनौकांवर हल्ला करायचा अशी युद्धाआधीची योजना होती. म्हणजे कल्पना के-क्लासचीच, फक्त डिझेलवर आणि डोकं वापरून. पर्ल हार्बर झालं त्याच दिवशी काही तासांत हुकूम सुटला की जपानी जहाज दिसेल ते बुडवा, आणि ताफ्यासाठी बांधलेली बोट एका रात्रीत मालवाहू आणि टँकरच्या शिकारीला लागली. लांब पल्ला आणि वेग तिथेही कामाला आला हे त्यांचं नशीब.

पण पहिली दीड-पावणेदोन वर्षं हत्यारानेच दगा दिला. त्यांचा मार्क १४ टॉर्पेडो ठरवल्यापेक्षा दहा-अकरा फूट खोल जायचा, त्याचा चुंबकीय स्फोटक कधी आधीच फुटायचा कधी फुटायचाच नाही, आणि हे निस्तरल्यावर कळलं की अगदी नीट काटकोनात आपटला तर आतली पिनच अडकते. जुलै १९४३ मध्ये टिनोसा या अमेरिकन पाणबुडीने एका मोठ्या जपानी टँकरला आधी थांबवलं आणि मग जागच्या जागी उभ्या जहाजावर एकामागून एक टॉर्पेडो मारत बसली, ठोका बसलेला ऐकू यायचा, स्फोट नाही. कॅप्टनने वैतागून शेवटचा टॉर्पेडो राखून ठेवला आणि तपासायला परत नेला. मग हवाईत एका बेटाच्या कड्यावर टॉर्पेडो मारून बघितले तेव्हा कुठे दोष सापडला. बोट उत्तम, माणसं शूर, आणि आत भरलेला माल फुसका. तक्त्यात असला रकाना असतो का कुठे?

जपानी पाणबुड्या काही वाईट नव्हत्या, टॉर्पेडो तर अमेरिकनांपेक्षा कितीतरी सरस. आय-१९ ने १५ सप्टेंबर १९४२ ला एका फेरीत मारलेल्या टॉर्पेडोंनी वास्प ही अमेरिकन विमानवाहू नौका तर गेलीच, वर एक बॅटलशिप आणि एक विनाशिका पण फुटली. पण त्यांच्या डोक्यात एकच, युद्धनौकाच मारायची, मालवाहू जहाजावर टॉर्पेडो घालवणं कमीपणाचं. आणि नंतर तर उपाशी पडलेल्या बेटांवर तांदूळ पोचवायच्या कामाला जुंपल्या. चांगला क्लास चुकीच्या कामाला लावला की काय होतं याचं याहून मोठं उदाहरण मला माहीत नाही.

अमेरिकनांची किंमतही लहान नव्हती हं, ५२ पाणबुड्या आणि साडेतीन हजार माणसं. जर्मनांची तर विचारूच नका, बोटीवर गेलेल्या चारातले तीन परत आले नाहीत.

आपल्या बाजूला १९७१ च्या युद्धातही क्लासचाच खेळ होता. पाकिस्तानकडे बंगालच्या उपसागरापर्यंत जाण्याइतका पल्ला फक्त गाझीला होता, कारण ती जुनी अमेरिकन टेंच क्लासची, गाटोच्याच घराण्यातली. म्हणून आपल्या विक्रांत या विमानवाहू नौकेच्या मागावर तिला धाडलं आणि ती विशाखापट्टणमजवळ बुडाली, कशाने यावर अजून वाद चालू आहे. त्यांचीच दुसरी पाणबुडी हँगोर मात्र फ्रेंच डाफ्ने क्लासची, लहान, शांत, जवळच्या पाण्यात दबा धरायला बांधलेली. ९ डिसेंबरच्या रात्री आपली खुकरी ही युद्धनौका तिलाच शोधायला निघाली होती आणि तिनेच खुकरीला बुडवलं, कॅप्टन मुल्लांसह १९४ जण गेले. ज्याला जे काम जमणारं होतं तिथे तो क्लास होता, हे कटू आहे पण खरं आहे.

फॉकलंड बेटांवरून ब्रिटन आणि अर्जेंटिनात झालेल्या युद्धाचं तर कितीतरी नौदलांत शिकवतात. २ मे १९८२ ला ब्रिटिश अणुपाणबुडी काँकररने अर्जेंटिनाची बेल्ग्रानो ही क्रूझर बुडवली, ३२३ जण मेले, आणि तीही दुसऱ्या महायुद्धाच्या वेळच्या साध्या मार्क ८ टॉर्पेडोने. त्यानंतर अर्जेंटिनाचा ताफा विमानवाहू नौकेसकट किनाऱ्याला चिकटला तो शेवटपर्यंत बाहेर आला नाही. पण दुसरी बाजू कुणी सांगत नाही. अर्जेंटिनाची सान लुईस, जर्मन टाईप २०९, हजार-बाराशे टनाची डिझेलवाली, तिचे टॉर्पेडो नीट चालले नाहीत म्हणून तिला एकही शिकार मिळाली नाही, तरी ब्रिटिशांच्या नाकी नऊ आले. देवमाशांवर सुद्धा टॉर्पेडो मारले त्यांनी. ती कुठे आहे हे माहीत नसणं एवढंच पुरलं.

आणि अणुपाणबुड्या म्हणून तुम्ही सगळ्या एकत्र टाकल्यात तेही बघा. अमेरिकेचा ओहायो क्लास एकाच आराखड्याचा, त्यातल्या १४ पाणबुड्या अण्वस्त्रं घेऊन लपून बसतात आणि ४ बदलून घेतल्यात, त्यांच्यात प्रत्येकी १५४ टॉमाहॉक क्षेपणास्त्रं मावतात. २०११ मध्ये लिबियावर त्यातल्याच फ्लोरिडाने नव्वदच्या वर टॉमाहॉक डागले. दिसायला बहिणी, लांबी तीच, वजन तेच, तुमच्या तक्त्यात दोघींना एकच नंबर पडणार.

पुढच्या वेळी तक्ता दिलात तर दोन रकाने वाढवा ही विनंती, कशासाठी बांधली आणि युद्धात काय करावं लागलं. जागा कमी पडली तर लांबीचा रकाना काढलात तरी चालेल. आणि टाईप १४ ला कुठेतरी घ्याच, तिचा फोटो मी अजून एकाही मराठी पेपरात बघितलेला नाही.

आपला,
एक नेहमीचा वाचक