मित्रास पत्र: सेलमचे खटले आणि छायेची साक्ष

प्रिय विनायक,

सप्रेम नमस्कार.

तुझं पत्र आणि सोबतचं टाचण मिळालं. वाचनालयातल्या व्याख्यानाला तू सेलमचे चेटकाचे खटले निवडलेस, हे वाचून मनापासून बरं वाटलं. मात्र पहिल्याच पानावरचं ‘जमावाने बायकांना चेटकिणी म्हणून जाळलं’ हे वाक्य आधी खोड. सेलममध्ये कोणाला जाळलं नाही, आणि जमावाने कोणाला मारलंही नाही. अमेरिकेतली मॅसॅच्युसेट्सची वसाहत इंग्लंडच्या कायद्याखाली होती, आणि त्या कायद्यात चेटकाला शिक्षा होती फाशीची. 1692 च्या जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत 19 जण फासावर गेले, 14 बायका आणि 5 पुरुष. विसाव्याचा जीव वजनाखाली दाबून घेतला. निदान पाच जण तुरुंगातच मेले. आणि यातल्या प्रत्येक फाशीमागे फिर्याद, वॉरंट, जबानी, आरोपपत्र, ज्यूरीचा निर्णय असे रीतसर कागद आहेत. ते आजही वाचता येतात. माझं तुला सांगणं आहे ते हेच: लोक कसे पिसाळले हे सांगत बसू नकोस, हे कागद कसे पुढे सरकले ते दाखव. चूक नेमकी कोणत्या सांध्यात होती, ते त्याशिवाय कळत नाही.

आधी जागा नीट धर. सेलम टाउन हे बंदर, आणि सेलम व्हिलेज ही त्याची आतली शेतकरी वस्ती, आजचं डॅनव्हर्स. प्रकरण उठलं ते वस्तीत, खटले चालले बंदरात. तारखा इंग्लंडच्या जुन्या पंचांगाच्या आहेत, आजच्यापेक्षा 10 दिवस मागे. वर्षही 25 मार्चला बदलायचं, म्हणून जानेवारी-फेब्रुवारीच्या कागदांवर 1691 दिसलं तर गोंधळू नकोस.

वस्तीचा धर्मगुरू सॅम्युएल पॅरिस 1689 मध्ये आला, आणि दोन वर्षांत त्याच्या पगारावरून आणि सरपणावरून गावात दोन तट पडले. त्याच्याच घरात 1692 च्या जानेवारीत त्याची 9 वर्षांची मुलगी, बेटी नावाची, आणि नात्यातली 11 वर्षांची ॲबिगेल विल्यम्स यांना झटके येऊ लागले. वैद्याने दुष्ट शक्तीचा हात असल्याचं निदान केलं. 25 फेब्रुवारीला मेरी सिब्ली या शेजारणीने उतारा सांगितला: राय धान्याच्या पिठात त्या मुलींचं मूत्र कालवायचं, त्याची भाकर राखेत भाजायची आणि कुत्र्याला घालायची. मीठमोहऱ्या ओवाळून चुलीत टाकणाऱ्या आपल्या माणसांना यात नवल वाटणार नाही, पण पॅरिसला ते सैतानाकडे सैतानाविरुद्ध मदत मागण्यासारखं वाटलं, आणि त्याने तिला भर प्रार्थनासभेत समज दिली. भाकर भाजली होती पॅरिसच्या घरातल्या टिटुबा आणि जॉन इंडियन या गुलामांनी. चारच दिवसांत, 29 फेब्रुवारीला, पहिली तीन वॉरंटं निघाली, आणि त्यांतलं एक टिटुबावर होतं. दुसरं सारा गुडवर, जी दारोदार मागून जगायची. तिसरं सारा ऑस्बोर्नवर, जी आजारी होती आणि प्रार्थनेला येत नव्हती.

आता कार्यपद्धती. ज्यात देहदंड होऊ शकतो अशी फिर्याद करणाऱ्याकडून न्यायाधीशाने जामीन घ्यायचा, म्हणजे खोटी फिर्याद करताना माणूस दहादा विचार करतो. सुरुवातीच्या महिन्यांत इथे तो घेतला गेला नाही. पहिली गळती ही.

दुसरी गळती जबानीत. 1 मार्चला जॉन हॅथॉर्न आणि जोनाथन कॉर्विन या दोन स्थानिक न्यायाधीशांनी जबान्या घेतल्या, त्याही प्रार्थनाघरात, सगळ्या गावासमोर, आणि पीडित मुलींना त्याच खोलीत बसवून. सारा गुडला हॅथॉर्नचा पहिला प्रश्न होता: तुझी कोणत्या दुष्ट आत्म्याशी ओळख आहे? ती म्हणाली, कोणाशीच नाही. सैतानाशी करार केलास ना? नाही. मग या मुलांना का छळतेस? प्रश्नाची घडण बघ. छळ होतोय आणि तो तीच करतेय हे धरूनच विचारणं चाललंय, आणि तिने प्रत्येक वेळी नाही म्हटलं तरी त्याचा काही उपयोग नाही, कारण मुलींकडे वळून बघायला सांगितलं की मुली तडफडायला लागतात.

हे तडफडणंच पुढे पुरावा झालं. आरोपीचं शरीर कुठेही असो, तिची छाया येऊन चावते, चिमटे काढते, गळा दाबते असं पीडिताने सांगायचं. छाया दिसणार फक्त पीडिताला. मी त्या वेळी घरात झोपले होते, नवरा शेजारीच होता, असं आरोपीने शपथेवर सांगितलं तरी ते बाद, कारण आरोप शरीरावर नाहीच. निर्दोष माणसाचं रूप घेऊन सैतान हिंडू शकतो का, हा वाद धर्मगुरूंमध्ये होता, पण मुख्य न्यायाधीश विल्यम स्टॉटनचं उत्तर पक्कं होतं: माणसाच्या संमतीशिवाय त्याचं रूप सैतानाला मिळत नाही. एवढं एक वाक्य मान्य केलं की बचावाच्या सगळ्या वाटा बंद होतात.

व्याख्यानात सगळ्यांत आधी फासावर गेलेल्या ब्रिजेट बिशपची आरोपपत्रं जरूर दाखव. चेटकाने अमुक मुलीला छळलं, असं त्यांत लिहिलंय, आणि तारीख टाकलीय 19 एप्रिल. ती तारीख तिच्या जबानीची आहे! गुन्हा घडला तो न्यायाधीशांच्या डोळ्यांसमोर, त्यांच्याच खोलीत, असं धरलं. देहदंडाच्या गुन्ह्याला दोन साक्षीदार लागायचे. रात्री अंथरुणात दिसलेल्या छायेला दुसरा साक्षीदार कुठून आणणार? पण जबानीच्या वेळचे झटके खोलीभर लोकांनी पाहिलेले. अशी अट कागदावर पुरी झाली. हे कागद पाहिले की मन सुन्न होतं, कारण हे लिहिणारा कारकून आपलं काम चोख करत होता.

मार्च ते मे नुसत्या अटका झाल्या, खटला एकही नाही. वसाहतीची जुनी सनद 1684 मध्ये रद्द झालेली, त्यामुळे असे खटले चालवायला धड न्यायालयच नव्हतं. नवी सनद घेऊन गव्हर्नर विल्यम फिप्स 14 मेला बोस्टनला उतरला, तेव्हा तुरुंग भरून गेले होते. 27 मेला त्याने खास न्यायालय नेमलं आणि त्याच्या डोक्यावर स्टॉटनला बसवलं. आरोपीला वकील नाही, हा तेव्हाच्या इंग्रजी कायद्याचा सर्वसाधारण नियम. 2 जूनला बायकांच्या पथकाने एका वैद्यासह ब्रिजेट, रिबेका नर्स आणि इतर काही जणींची अंगझडती घेतली. सैतानाचे जीव दूध पितात म्हणे, ते जादा स्तनाग्र शोधायला. सकाळी तिघींच्या अंगावर ते सापडल्याची नोंद झाली. त्याच दिवशी दुपारी चारला परत पाहिलं तर ब्रिजेटच्या अंगावर काही नाही, आणि रिबेकाच्या जागी नुसती सुकलेली कातडी. दोन्ही नोंदी एकाच कागदावर आहेत. 10 जूनला ब्रिजेटला फाशी झाली, आणि त्यानंतर नॅथॅनिएल सॉल्टनस्टॉल हा न्यायाधीश पदावरून बाजूला झाला. 15 जूनला धर्मगुरूंनी लेखी सल्ला दिला: छायेच्या साक्षीवर आणि स्पर्शाच्या परीक्षेवर (आरोपीचा हात लागल्यावर झटका थांबतो का ते पाहणं) विसंबू नका. पण शेवटच्या कलमात खटले झटपट आणि जोरात चालवा असंही लिहिलं. न्यायालयाने शेवटचं कलम तेवढं उचललं.

रिबेकाला मात्र सावकाश वेळ दे. 71 वर्षांची, कानाने मंद, गावात मान असलेली बाई. तिच्या चांगल्या वर्तनाबद्दल चाळीसेक शेजाऱ्यांनी सह्या दिल्या होत्या, आणि त्या दिवसांत अशी सही देणं म्हणजे स्वतःवर बोट ओढवून घेणं. जूनच्या अखेरीस ज्यूरीने तिला निर्दोष ठरवलं. लगेच पीडितांनी आरडाओरडा केला. स्टॉटन म्हणाला, मला तुमच्यावर दडपण आणायचं नाही, पण तिचं ते वाक्य तुम्ही लक्षात घेतलंत का? वाक्य असं: कबुली दिलेली एक कैदी साक्षीला आणली तेव्हा रिबेका म्हणाली होती, ‘ही तर आमच्यातलीच.’ ज्यूरी परत आत गेली. मुखिया थॉमस फिस्कला अर्थ लागेना, म्हणून त्याने बाहेर येऊन तिलाच विचारलं. ती गप्प राहिली. मग निर्णय फिरला, दोषी. प्रश्न ऐकूच आला नव्हता आणि ‘आमच्यातली’ म्हणजे आमच्यासारखी कैदी, असं तिने नंतर लिहून दिलं. गव्हर्नरने दिलेली तहकुबीही मागे घेतली गेली. 19 जुलैला ती आणि सारा गुड यांच्यासह पाच जणी फासावर गेल्या.

कबुलीचा मुद्दा श्रोत्यांना उलटा वाटेल, तो नीट उलगड. त्या वर्षी कबुली देऊन तिच्यावर ठाम राहिलेल्या एकालाही फाशी झाली नाही. कबुली देणाऱ्याला साक्षीदार म्हणून राखून ठेवत, आणि त्याने आणखी नावं सांगायची. नाकारणारे मेले. सॅम्युएल वॉर्डवेलने कबुली दिली, मग मागे घेतली, आणि 22 सप्टेंबरला तो फासावर गेला. अँडोव्हर गावात हे कसं पसरलं ते बघ: बायकांच्या डोळ्यांवर पट्टी बांधून त्यांचे हात झटके आलेल्यांच्या अंगावर ठेवले. चेटकिणीच्या स्पर्शाने तिचं विष तिच्याकडे परत जातं आणि झटका थांबतो, असा समज. झटके थांबले, आणि त्या एका गावात 40 हून अधिक जणांवर आरोप आले. नवरे आणि भाऊच बायकांना कबूल हो म्हणून विनवत होते, कारण जीव वाचायची तेवढी एकच वाट दिसत होती.

सुरुवातीला म्हटलेला विसावा माणूस म्हणजे जाइल्स कोरी, 80 च्या आसपासचा. मी दोषी नाही एवढं तो म्हणाला, पण ज्यूरीपुढे खटला चालवायला संमती देईना, आणि त्या संमतीशिवाय खटला पुढे जात नसे. म्हणून 19 सप्टेंबरला त्याच्या अंगावर वजन चढवत नेलं, त्यातच तो मेला. तीन दिवसांनी त्याची बायको मार्था फासावर गेली.

बुरशी लागलेल्या रायमुळे भ्रम झाले, हा तू लिहिलेला मुद्दा 1976 चा आहे. त्याला दोन मिनिटांहून जास्त देऊ नकोस. धान्यातलं विष आरोपीने मान वळवल्याबरोबर चढत नाही. त्यापेक्षा उत्तरेकडच्या मेन प्रांताच्या सीमेवरच्या युद्धातून आलेले निर्वासित, जमिनीच्या हद्दींचे तंटे आणि वस्तीतल्या पटनम घराण्याची भांडणं सांग. फिर्यादींवर पटनमांच्या सह्या किती वेळा येतात ते मोजलं तरी पुरे.

हे थांबलं कसं? ऑक्टोबरच्या सुरुवातीला इन्क्रीज मॅदर या ज्येष्ठ धर्मगुरूने लेखी मत मांडलं की एक निरपराध दोषी ठरण्यापेक्षा दहा संशयित सुटलेले बरे. तोवर आरोप गव्हर्नरच्या बायकोपर्यंत पोचू लागले होते. महिनाअखेर फिप्सने न्यायालय मोडलं. 1693 च्या जानेवारीत नवं न्यायालय बसलं, मुख्य पुन्हा स्टॉटनच, इतर न्यायाधीशही बहुतेक तेच. फक्त छायेची साक्ष ग्राह्य नाही. तेवढ्याने बहुतेक सगळे सुटले. तिघांवर दोष ठरला आणि त्यांनाही फिप्सने वाचवलं. तुझ्या व्याख्यानाचा कणा मी इथे ठेवीन: माणसं तीच, तुरुंग तोच, पुराव्याचा एक नियम बदलला.

आपल्याकडचा दुवा जोडायचा असेल तर एकच जोड. 2013 च्या आपल्या जादूटोणाविरोधी कायद्यात बाजू उलटी आहे: करणी करते म्हणून एखादीला बदनाम करून छळणारा तिथे आरोपी ठरतो. सातपुड्यात डाकीण ठरवलेल्या बाईला तो कायदा म्हणूनच लागतो. बाकी दोन्हींची सरमिसळ करू नकोस.

मेरी ईस्टीचा, म्हणजे रिबेकाच्या बहिणीचा, सप्टेंबरमधला अर्ज मोठ्याने वाच. माझा जीव वाचवा असं ती मागत नाही, कारण मरण ठरलंय हे तिला माहीत आहे. पीडितांना काही काळ एकमेकांपासून वेगळं ठेवा आणि कबुली दिलेल्यांना तपासून पाहा, एवढं ती सुचवते. कोणत्याही तपासणीत आधी करायची गोष्ट फाशीची शिक्षा झालेल्या बाईने सांगितली, आणि आठ जणांच्या शेवटच्या तुकडीत तिला नेलं.

आणि 20 हा आकडा सांगून थांबू नकोस. तुरुंगात खाण्याचे आणि बेड्यांचे पैसे कैद्यालाच भरावे लागत. लिडिया डस्टिन निर्दोष सुटली, पण पैसे भरता आले नाहीत म्हणून आतच राहिली आणि 1693 च्या मार्चमध्ये तिथेच मेली. सारा गुडची मुलगी डोरोथी चार-पाच वर्षांची होती, तिलाही चेटकीण म्हणून अटक झाली होती. साराच्याच नवऱ्याने, विल्यम गुडने, मार्चमध्ये बायकोविरुद्ध तोंड उघडलं होतं. 1710 मध्ये भरपाईसाठी त्याने अर्ज केला. त्यात लिहिलंय की पोर सात-आठ महिने अंधारकोठडीत साखळीने बांधलेली होती, इतकी घाबरली की तेव्हापासून तिला स्वतःला सांभाळण्याइतकी समज राहिली नाही, आणि तिचा खर्च आजही मलाच करावा लागतो. त्याला 30 पौंड मंजूर झाले.

वहिनींना नमस्कार सांग. टाचण दुरुस्त झालं की परत पाठव, तारखा मी एकदा ताडून देतो.

तुझा,
अनंत