तेव्हा शिव्या घातल्या, आता रिपीटवर

मा. संपादक,

कान्ये वेस्टचा '८०८ज अँड हार्टब्रेक' हा अल्बम २००८ ला आला तेव्हा आम्ही पोरांनी नवी पेठेत चहा पीत त्याला जाम शिव्या घातल्या, रॅपर असून ऑटोट्यून (आवाज सुरात बसवणारं सॉफ्टवेअर) लावून रडतोय काय म्हणून. परवा शेजारच्या मागांच्या खटखटीनं झोप येईना, इयरफोन घालून परत ऐकला आणि गपच झालो. त्याची आई वारल्यावर वर्षभरात केलेला, साखरपुडा पण मोडलेला, आणि त्या टीआर-८०८ ड्रम मशीनचा पोकळ ठोका, रिकाम्या घरात कुणी दार वाजवावं तसा. पुढं ड्रेक या रॅपरनं हाच सूर उचलला. शेवटचं सिंगापूरचं लाइव्ह गाणं मात्र अजून बोअरच! (नंतर कान्ये जे काय बरळला त्याचं समर्थन नाही हां.) पुरवणीत कधीतरी हिप हॉपवर पण छापा की.

– एक वाचक, सोलापूर