वेताळ टेकडीवरच्या काकांना

आदरणीय काका,

सप्रेम नमस्कार.

समोर आभार मानायला गेलं की तुम्ही "चला, रोपं वाट बघतायत" म्हणून पुढे निघता. म्हणून आज चारचौघांत लिहितेय.

परभणीहून कोथरूडला आलो तेव्हा मला सकाळ खायला उठायची. तिकडे सडा-रांगोळी होईपर्यंत चौघींशी बोलणं व्हायचं. इथे शेजारच्या दारावरची पाटी तेवढी ओळखीची. त्यातच आई गेली. घरात बसवेना, म्हणून टेकडी चढायला लागले.

तुम्ही काहीच विचारलं नाहीत. पाण्याचा कॅन पुढे केलात आणि म्हणालात, "ताई, जरा हात लावता का? वर न्यायचाय." पाणी कसं घालायचं तेही दाखवलंत. मुरमाड जमीन, भसकन ओतलं की वाहून जातं. आळ्यात थोडं ओतायचं, मुरू द्यायचं, पुन्हा थोडं. मग वाळलं गवत पसरायचं, पण खोडाला चिकटवायचं नाही. तेवढा वेळ उकिडवं बसावंच लागतं, आणि बसलं की शेजारचा माणूस बोलायला लागतो. आईबद्दल मी पहिल्यांदा मोकळेपणी बोलले ती अशाच एका आळ्यापाशी.

टेकडीवरचं गिरिपुष्पाचं झाड मूळचं मध्य अमेरिकेतलं, इथे आणून लावलेलं. गणेर मात्र आपल्याकडचा, हे तुमच्याकडूनच कळलं. फेब्रुवारी-मार्चमध्ये झाडावर पान नसताना तळहाताएवढी पिवळीधमक फुलं! दगडाच्या खाणीकडे जाताना मी अजूनही त्याच्यापाशी थांबते.

एप्रिल २०२३ मध्ये टेकडीवरून जाणाऱ्या नियोजित बालभारती ते पौड फाटा रस्त्याच्या विरोधात लोक टेकडीसाठी रस्त्यावर उतरले, तेव्हा मीही चालले. शेजारी कॉलेजची मुलं होती, काठी टेकत आलेल्या आजी होत्या. रोज नुसता हात करणारी ही माणसं त्या दिवशी नावानिशी माझी झाली. पुण्यात आपलं कुणी नाही, असं त्यानंतर मला वाटलेलं नाही. याचं श्रेय मी तुम्हालाच देते, तुम्ही कितीही नाही म्हणालात तरी.

गुडघ्याच्या ऑपरेशनमुळे सध्या तुम्हाला वर येता येत नाही. काळजी करू नका, पाण्याच्या पाळ्या आम्ही वाटून घेतल्यात. पावसाळ्याआधी नवी रोपं आणायचीत. कोणती घ्यायची ते विचारायला रविवारी आम्ही सगळेच घरी येतोय. काकूंना सांगा, चहाचं आधण जरा मोठं ठेवा.

तुमची,
कॅनवाली ताई