‘खुलासा समाधानकारक नाही’

मा. संपादक,
स. न. वि. वि.

परवाना रद्द झालेल्या रेशन दुकानदाराला उच्च न्यायालयाने दिलासा दिल्याची बातमी आपल्या अंकात वाचली. अशा बातमीचा गावच्या पारावर एकच अर्थ निघतो, की गड्याने वरपर्यंत हात ओले केले. मी मराठवाड्यातल्या एका तहसीलच्या पुरवठा शाखेतून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झालो. माझ्या पाहण्यात तरी बरेचसे दुकानदार कोर्टात सुटले ते आम्हीच लिहिलेल्या आदेशांमुळे.

तक्रार आली की निरीक्षक दुकानावर जातात. पोती मोजतात, काट्यावर घालत नाहीत; पंचनाम्यात ‘अंदाजे 40 कट्टे’ लिहून मोकळे होतात. पंच म्हणून सही करणारे दोघे बहुधा तक्रारदाराच्याच आळीतले. मग ठरलेल्या साच्यातली कारणे दाखवा नोटीस निघते. भावफलक नाही, पावती देत नाही, वागणूक उद्धट, साठ्यात तफावत. कुठल्या तारखेला, कुठल्या कार्डधारकाला, याचा पत्ता नसतो. जबाबांच्या प्रती जोडायची तर पद्धतच नाही. दुकानदार बिचारा चार पानी खुलासा देतो आणि आदेशात त्या चार पानांच्या वाट्याला एक ओळ येते, ‘खुलासा समाधानकारक नाही, सबब प्राधिकारपत्र रद्द करण्यात येत आहे.’

असा एक मसुदा माझ्या हातचा आहे. दुकान महिला बचत गटाचे होते. साठा 9 कट्टे कमी भरला. गोदामातून आलेल्या ट्रकनेच माल कमी उतरवला आणि तसा शेरा आम्ही पावतीवर मारून घेतला, असे बायकांनी लिहून दिले होते, पावतीची झेरॉक्सही जोडली होती. मी ती झेरॉक्स फाइलला लावली, तिला पान क्रमांक दिला आणि आदेशात तिचे नावही घेतले नाही. साहेबांना महिनाअखेर कारवाई दाखवायची होती आणि मला साडेपाचची एसटी गाठायची होती.

पुढे ठरलेला रस्ता. उपायुक्त (पुरवठा) यांच्याकडे अपील, ते फेटाळले. मंत्र्यांकडे पुनरीक्षण, तेही फेटाळले, पण वर्ष घालवून. शेवटी खंडपीठात रिट याचिका. तिथे आमच्या बाजूने प्रतिज्ञापत्रात त्या पावतीवर दोन पाने खर्ची घातली गेली. उपयोग शून्य. आदेशात जी कारणे नाहीत ती मागाहून प्रतिज्ञापत्रातून पुरवता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने मोहिंदरसिंग गिल प्रकरणात 1977 सालीच सांगून ठेवले आहे. आमचा आदेश रद्द झाला. एरवी धान्य खरोखर काळ्या बाजारात विकणाराही याच भोकातून निसटतो, आणि त्याला चांगला वकील परवडतो. गटाला तेव्हा क्विंटलमागे 150 रुपये कमिशन होते, म्हणजे महिन्याला 100 क्विंटल वाटले तर 15 हजार. त्यातच दुकानभाडे, मापाड्याची मजुरी. वकिलाच्या फीसाठी बायकांनी गटातूनच कर्ज उचलले. दुकाने देताना महिलांच्या गटांना प्राधान्य द्या, असे 2013 चा अन्नसुरक्षा कायदा सांगतो. काढून घेताना मात्र त्यांचे चार पानी म्हणणे वाचायलाही कोणाला सवड नव्हती.

या सगळ्यात कार्डधारकाला कोणी पक्षकार करीत नाही. दुकान बंद झाले की कार्डे शेजारच्या गावाला ‘जोडली’ जातात. प्राधान्य कुटुंबातल्या चार माणसांचे महिन्याचे 20 किलो, अंत्योदयच्या घराचे 35 किलो. 1 जानेवारी 2023 पासून हे धान्य फुकट मिळते, पण ते घरी आणणारा रिक्षावाला फुकट येत नाही. मशीनवर म्हातारीचा अंगठा उमटला नाही तर दुसरी खेप. हक्काचे धान्य मिळाले नाही तर अन्नसुरक्षा भत्ता द्यावा, असे याच कायद्याचे कलम 8 म्हणते. दुकान बंद पडल्याने धान्य चुकलेल्या एकालाही तो भत्ता दिल्याची फाइल माझ्या टेबलावरून गेली नाही.

दुकानदारांवर कारवाई करू नका, असे मी म्हणत नाही. कराच, पण पोती तोला. नोटिशीसोबत जबाबांच्या प्रती द्या. दुकानदाराला समोर बसवून ऐका आणि तो काय म्हणाला ते लिहून घ्या. आरोप पाच असतील तर पाचांवर वेगवेगळे लिहा, दोन-दोन ओळींत का होईना. एवढ्याने माझ्यासारख्या कारकुनाची एखादी एसटी चुकेल. आणि प्रकरणाचा निकाल लागेपर्यंत त्या गावचे धान्य त्याच गावात वाटा. शाळेच्या वऱ्हांड्यात, आठवडी बाजाराच्या दिवशी, दुसऱ्या दुकानदाराने काटा आणि मशीन घेऊन बसायचे, एवढाच तो प्रश्न आहे.

आपला,
एक निवृत्त अव्वल कारकून