श्रावणात दारू सोडणाऱ्याच्या घराला एक महिना आधार द्या

सप्रेम नमस्कार.

दीप अमावास्या जवळ आली. लोकमान्यनगर, सावरकरनगर, यशोधननगर भागात त्या दिवशी काय चालतं ते कुणाला सांगायला नको. आम्हाला बोलायचं आहे ते त्याच्या दुसऱ्या दिवसापासूनचं. श्रावण लागला की आपल्या चाळींमधली रोज पिणारी कितीतरी माणसं आपणहून दारू बंद करतात. कुणी महिनाभर, कुणी थेट गणपती विसर्जनापर्यंत. बायको-मुलांनी वर्षभर विनवण्या करून जे होत नाही ते या दिवसांत होतं. आमच्या मते वर्षातली ही सगळ्यात मोठी संधी आहे, आणि दरवर्षी ती हातची जाते.

का जाते ते सांगतो. शरीराला रोजची सवय लागलेल्या माणसाने दारू एकाएकी तोडली की काही तासांतच हात थरथरू लागतात, घाम फुटतो, झोप उडते. काहींना पहिल्या दोन दिवसांत फिट येते. दुसऱ्या-तिसऱ्या दिवसापासून भ्रम होऊ शकतो. बचत गटातल्या एका ताईंच्या यजमानांना मागच्या श्रावणात हेच झालं. तिसऱ्या रात्री ते चादरीवरून कुणालाच न दिसणारे किडे चिमटीने वेचून ताटलीत टाकत होते आणि ताईंना सांगत होते, "झाकण ठेव, नाहीतर उडतील." घरच्यांना वाटलं, बाहेरचं काहीतरी लागलं. अंगारा झाला, लिंबू उतरवून झालं. शेवटी शेजारच्या मुलाने पहाटे रिक्षा आणली, दवाखाना गाठला, म्हणून ते वाचले. या अवस्थेत उपचार मिळाले नाहीत तर माणूस दगावू शकतो. डॉक्टर हळूहळू कमी करत न्यायच्या गोळ्या देतात, बी-१ जीवनसत्त्व देतात. नुसतं ग्लुकोजचं सलाईन लावून भागत नाही. बहुतेक घरांत मात्र तिसऱ्या रात्री घाबरून क्वार्टरच आणून दिली जाते. थरथर थांबते, आणि त्या माणसाचा श्रावण तिथेच संपतो.

आणखी एक. लोकलच्या डब्यात 'पिणाऱ्याच्या नकळत दारू सोडवा' असे कागद चिकटवलेले असतात. त्यांच्या नादी कृपा करून लागू नका. दारू सोडवणाऱ्या काही गोळ्या पोटात असताना माणूस प्यायला तर रक्तदाब एकदम घसरतो, जीवावर बेततं. असं औषध डॉक्टरांच्या देखरेखीखाली आणि घेणाऱ्याच्या संमतीनेच द्यायचं असतं.

उपचार आहेत. आपल्या ठाण्यातच १९०१ पासूनचं प्रादेशिक मनोरुग्णालय आहे, तिथे मानसोपचारतज्ज्ञ आहेत. पुण्याचं मुक्तांगण १९८६ पासून हे काम करतं आहे. पण एम्सने केंद्र सरकारसाठी केलेल्या पाहणीचा २०१९ चा अहवाल सांगतो की देशात सुमारे १६ कोटी लोक दारू पितात आणि दारूच्या पूर्ण आहारी गेलेल्या ३८ जणांमागे एकालाच कसला ना कसला उपचार मिळतो. दाखल होऊन उपचार घेणारा तर १८० मागे एक. उरलेले आपल्याच गल्लीत राहतात. यकृत गेल्याने पोटात पाणी होऊन, रक्ताच्या उलट्या होऊन त्यांना नेलं जातं तेव्हा फार उशीर झालेला असतो. दारूने कर्करोग होतो, हे जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने १९८८ मध्येच जाहीर केलं आहे. बेसुमार पिणाऱ्याला क्षयाचा धोकाही जास्त, आणि दहा बाय बाराच्या खोलीत क्षय एकट्याला होऊन थांबत नाही.

हे बदलता येतं. रशियात १९९४ च्या सुमारास पुरुषांचं सरासरी आयुर्मान ५८ वर्षांच्याही खाली गेलं होतं, आणि दारू हे त्याचं एक मोठं कारण होतं. पुढे तिथल्या सरकारने दारूवरचा कर वाढवला, व्होडकाची किमान किंमत ठरवली, रात्रीची विक्री आवरली. २००३ ते २०१६ या काळात तिथलं दरडोई दारूचं प्रमाण ४३ टक्क्यांनी उतरलं आणि आयुर्मान वाढलं. तशी धोरणं ठरवणं आपल्या मंडळाच्या हातात नाही. आडव्या बाटलीसाठी जे लढतात त्यांना आमचा पाठिंबाच आहे. आज आमचं मागणं त्याहून लहान आहे.

नाक्यावरचा मजूर, लोडर, रिक्षाचालक दाखल व्हायला तयार होतो आणि मग विचारतो, "महिनाभर घर कोण चालवणार?" या प्रश्नाला आजवर आमच्याकडे उत्तर नव्हतं. या श्रावणात ते द्यायचं ठरवलं आहे. जो माणूस उपचारासाठी दाखल होईल, त्याच्या घरी महिन्याचा किराणा पोचवायचा: दहा किलो तांदूळ, दहा किलो पीठ, तीन किलो तूरडाळ, तीन लिटर तेल, साखर, चहा, मीठ-मसाला. ज्याला शक्य आहे त्याने एका घराचा पूर्ण किराणा द्यावा, नाहीतर त्यातली एखादी वस्तू. रोख रक्कम औषधं आणि येण्याजाण्याच्या खर्चासाठी वापरली जाईल. जमाखर्च दर रविवारी मंडळाच्या फळ्यावर लागेल, लाभार्थींची नावं सोडून.

पैशांइतकीच माणसं हवी आहेत. रात्री-अपरात्री हाकेला येतील असे रिक्षावाले दादा हवेत. रविवारी तासभर देणारे डॉक्टर हवेत. सोडलेल्यांची साप्ताहिक बैठक दिवाळीपर्यंत तरी चालवायची आहे, कारण विसर्जनानंतरचे दिवस सगळ्यात अवघड. त्यासाठी एखाद्या शाळेने वर्ग द्यावा. ठेकेदार आणि सुपरवायझर मंडळींना हात जोडून विनंती: उपचाराला गेलेल्या माणसाचं नाव हजेरीपटावरून कापू नका. परत आल्यावर त्याला काम हवं, नाहीतर सगळी मेहनत पाण्यात जाईल.

किराणा आणि देणगी मंडळाच्या कार्यालयात रोज संध्याकाळी ७ ते ९ या वेळेत स्वीकारली जाईल. पावती मागून घ्यावी. ज्यांच्या घरी कुणी रोज पितं आणि श्रावणात सोडणार आहे, त्यांनी आधीच बचत गटाच्या ताईंना येऊन भेटावं. बाहेर कुणाला कळणार नाही. यायला संकोच वाटत असेल तर १४४४६ या सरकारी व्यसनमुक्ती हेल्पलाइनवर विनामूल्य बोलता येतं. फिट किंवा भ्रम दिसला तर सकाळ होण्याची वाट पाहू नका, १०८ ला फोन करा.

आपले,
मंडळाचे कार्यकर्ते आणि महिला बचत गट,
लोकमान्यनगर परिसर, ठाणे (पश्चिम)